डिस्चार्ज कार्डवरचा 'एस५५' कोड म्हणजे काय? 'नस कापली' याचे वैद्यकीय कोड कसे ठरतात?

समजा, खिडकीची काच फुटली आणि कोपर ते मनगट यामधल्या भागात खोल जखम झाली. हॉस्पिटलमध्ये ऑपरेशन झालं, रक्तवाहिनी शिवली. घरचे सगळ्यांना सांगतात, "हाताची नस कापली होती." पण हॉस्पिटलच्या कागदांवर 'एस५५.१' असं काहीतरी लिहिलेलं असतं. इन्शुरन्स कंपनीसाठी हा कोड महत्त्वाचा असतो. तो नेमका काय सांगतो, ते समजून घेऊया.

हे कोड येतात कुठून?

आजार आणि दुखापतींच्या या जागतिक यादीला आयसीडी म्हणतात. तिची सुरुवात १८९३ मध्ये झाली. फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ जॅक बर्तियाँ यांनी मृत्यूच्या कारणांची एक यादी तयार केली होती. १९४८ मध्ये आलेल्या सहाव्या आवृत्तीपासून जागतिक आरोग्य संघटना ही यादी सांभाळते. सध्या आपल्याकडच्या फॉर्मवर दिसते ती दहावी आवृत्ती, म्हणजे आयसीडी-१०. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली आहे, पण देश टप्प्याटप्प्याने तिच्याकडे वळत आहेत.

एका 'नस' शब्दाचे किती कोड?

आपण धमनी, शीर आणि मज्जातंतू या तिन्हींना सर्रास 'नस' म्हणतो. आयसीडीमध्ये मात्र तिघांच्या नोंदी वेगळ्या होतात.

कोपराच्या थोडं खाली हाताची मुख्य धमनी दोन भागांत विभागते. अंगठ्याच्या बाजूने जाते ती रेडियल. डॉक्टर मनगटावर नाडी बघतात ती हीच. करंगळीच्या बाजूने जाते ती अल्नर. तळहातात या दोघी एकमेकींना जोडलेल्या असतात. त्यामुळे एक कापली तरी दुसरीतून पंजाला रक्त मिळू शकतं. म्हणूनच कोणती धमनी कापली, की दोन्ही कापल्या, हे उपचारांसाठी महत्त्वाचं असतं.

या भागातल्या दुखापतींचे मुख्य कोड असे:

- एस५५.० : अल्नर धमनी
- एस५५.१ : रेडियल धमनी
- एस५५.२ : शीर
- एस५५.७ : एकापेक्षा जास्त रक्तवाहिन्या
- एस५५.९ : कोणती रक्तवाहिनी ते नोंदलेलं नाही
- एस५४ : मज्जातंतू
- एस५६ : स्नायू आणि स्नायुबंध
- एस५१ : उघडी जखम

जागा बदलली की कोडही बदलतो. तीच रेडियल धमनी मनगटाच्या किंवा पंजाच्या पातळीवर कापली, तर कोड होतो एस६५.१. कोपराच्या वर, दंडातली ब्रेकियल धमनी असेल तर एस४५.१.

गुगलवर वेगळाच कोड का दिसतो?

हा कोड गुगल केला तर बऱ्याचदा 'एस५५.१११ए' असा लांबलचक कोड समोर येतो. तो अमेरिकेच्या आवृत्तीतला आहे. अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून आयसीडी-१० ची स्वतःची विस्तारलेली आवृत्ती वापरायला सुरुवात केली. त्यात 'एस५५.१' नंतरचा पहिला १ म्हणजे धमनी कापली गेली आहे, पुढचा १ म्हणजे उजवा हात. डावा असेल तर तिथे २ येतो. शेवटचं 'ए' म्हणजे दुखापतीवर सक्रिय उपचार चालू आहेत. जखम भरत असतानाच्या तपासण्यांसाठी 'डी' आणि नंतर राहिलेल्या त्रासासाठी 'एस' वापरतात. 'ए' म्हणजे फक्त पहिली भेट, असा अनेकांचा समज असतो, पण तो चुकीचा आहे.

जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आवृत्तीत हा कोड 'एस५५.१' वरच थांबतो. त्यात उजवा की डावा हे कळत नाही. म्हणून मूळ आवृत्ती वापरली असेल, तर निदानात हात कोणता हे शब्दांत लिहिलेलं असायला हवं.

क्लेमशी याचा काय संबंध?

भारतात आरोग्य विम्याच्या क्लेम फॉर्मचे दोन भाग असतात. 'ए' भाग आपण भरतो आणि 'बी' भाग हॉस्पिटल भरतं. या 'बी' भागात मुख्य आणि इतर निदानांच्या आयसीडी-१० कोडसाठी रकाने असतात. दुखापत कशामुळे झाली, प्रकरण मेडिको-लीगल आहे का, पोलिसांना कळवलं का, हेही तिथे विचारलेलं असतं.

कारणासाठीही वेगळे कोड आहेत. काचेने अपघाताने कापलं तर डब्ल्यू२५, धारदार वस्तूने कुणी हल्ला केला तर एक्स९९, स्वतःहून करून घेतलेली जखम असेल तर एक्स७८. अनेक पॉलिसींमध्ये स्वतः करून घेतलेल्या दुखापतीबाबत वेगळ्या अटी असतात. त्यामुळे अपघाताची नोंद चुकून दुसऱ्या गटात गेली, तर खऱ्या क्लेमवरही प्रश्न उभे राहू शकतात.

दुसरी अडचण अर्धवट कोडची. धमनी शिवल्याचं बिल आहे, पण निदानात फक्त एस५१, म्हणजे उघडी जखम, असेल तर एवढं मोठं ऑपरेशन का लागलं, हे त्या कोडवरून कळत नाही. मग कंपनी जादा कागद मागू शकते. धमनीसोबत मज्जातंतूही कापला असेल, तर एस५४ सुद्धा हवा. बोटांची बधिरता पुढे राहिली, तर तिचं मूळ या नोंदीतूनच समजतं.

घरी जाण्याआधी काय बघाल?

- डिस्चार्ज कार्डवर कोणती धमनी, कोणता हात आणि कोणती पातळी, हे शब्दांत लिहिलं आहे का?
- मज्जातंतू किंवा स्नायुबंधालाही इजा असेल, तर तिची वेगळी नोंद आहे का?
- ऑपरेशनच्या नोंदीत आणि निदानात एकच माहिती आहे का?
- दुखापतीचं कारण जसं घडलं तसंच लिहिलं आहे का?

चूक दिसली तर उपचार करणाऱ्या डॉक्टरांना सांगा आणि दुरुस्ती हॉस्पिटलकडूनच, सही-शिक्क्यासह करून घ्या. कागदावर स्वतः खाडाखोड करू नका. क्लेम मिळावा म्हणून सोयीचा कोड लिहायला सांगणं, ही तर फसवणूक आहे. एक कॉपी कायम जपून ठेवा. काही महिन्यांनी पंजात मुंग्या किंवा गारवा जाणवला, तर नवीन डॉक्टर आधी हाच कागद मागतील.