याकोबाचे आद्यशुभवर्तमान

याकोबाचे आद्यशुभवर्तमान हा इसवी सनाच्या दुसऱ्या शतकाच्या उत्तरार्धाच्या सुमारास ग्रीक भाषेत रचला गेलेला ख्रिस्ती अपोक्रिफल, म्हणजे बायबलच्या प्रमाणग्रंथांत समाविष्ट नसलेला, ग्रंथ आहे. येशूची आई मरीया हिचा जन्म, बालपण, योसेफाशी वाग्दान आणि येशूचा जन्म हा त्याचा विषय. कोणत्याही प्रमुख ख्रिस्ती पंथाने त्याला बायबलमध्ये स्थान दिलेले नाही. तरीही मरीयेच्या आईवडिलांची नावे, मरीयेचा जन्मोत्सव आणि नाताळच्या देखाव्यातील गुहा या गोष्टी ख्रिस्ती लोकजीवनात रुजल्या, त्यात या ग्रंथाचा वाटा मोठा आहे. गोवा आणि कोकण किनाऱ्यावरील कॅथलिक समाजाच्या सणांतही त्याचा ठसा दिसतो, मात्र तो साजरा करणाऱ्या बहुतेकांना ग्रंथाचे नावही ठाऊक नसते.

नाव आणि कर्तृत्व

ग्रंथाच्या शेवटी लेखक स्वतःला याकोब म्हणवतो. हा याकोब म्हणजे येशूचा भाऊ, असे परंपरा मानते. मात्र अभ्यासकांना हे कर्तृत्व मान्य नाही. मत्तय व लूक यांची शुभवर्तमाने लेखकासमोर होती, म्हणजे ग्रंथ त्यांच्यानंतरचा आहे. शिवाय यहुदी रीतिरिवाजांची त्याची माहिती कच्ची दिसते. लहान मुलीला यरुशलेमच्या मंदिरात ठेवून वाढवल्याचे तो सांगतो, पण अशी प्रथा अन्य पुराव्यांतून ज्ञात नाही. गणना या ग्रंथातील कडू पाण्याची कसोटी फक्त स्त्रीसाठी आहे, तर येथे ती योसेफालाही द्यावी लागते.

‘आद्यशुभवर्तमान’ हे नाव मुळातले नाही. फ्रेंच विद्वान गियोम पोस्टेल याने सोळाव्या शतकात हा ग्रंथ पूर्वेकडून पश्चिम युरोपात आणला आणि त्याचे लॅटिन भाषांतर १५५२ मध्ये बाझेल येथे छापले गेले, तेव्हापासून हे नाव रूढ झाले. तिसऱ्या शतकातील ओरिगेन त्याचा उल्लेख ‘याकोबाचे पुस्तक’ असा करतो. उपलब्ध हस्तलिखितांतील सर्वांत जुने म्हणजे बोडमर पपायरस ५. ते तिसऱ्या किंवा चौथ्या शतकातले असून १९५८ मध्ये प्रकाशित झाले. त्यावरील शीर्षक ‘मरीयेचा जन्म’ असे आहे, आणि ग्रंथाच्या आशयाला ते अधिक शोभते.

कथानक

जोकिम हा धनवान पण निपुत्रिक गृहस्थ मंदिरात अर्पण घेऊन जातो. इस्राएलात संतती नसलेला तूच, असे त्याला ऐकवले जाते. अपमानित होऊन तो रानात जातो आणि चाळीस दिवस उपवास करतो. इकडे त्याची पत्नी ॲना बागेतील झाडावर चिमण्यांचे घरटे पाहून विलाप करते: पक्षी, प्राणी, पाणी, भूमी हे सारे फळतात, आपणच तेवढ्या वांझ. देवदूत दोघांना संततीचे वचन देतो. हा प्रसंग जुन्या करारातील शमुवेलाच्या आईच्या, हन्नेच्या कथेवर बेतलेला आहे. ॲना आणि हन्ना ही नावेही मुळात एकच.

मरीया तीन वर्षांची होताच तिला मंदिरात सोडले जाते आणि तेथे देवदूताच्या हातून तिला अन्न मिळते. ती बारा वर्षांची झाल्यावर याजक विधुरांना आपापल्या काठ्या घेऊन बोलावतात. योसेफाच्या काठीतून कबुतर बाहेर पडते, तेव्हा तिची जबाबदारी त्याच्यावर येते. तो वृद्ध असून त्याला आधीची मुले आहेत. पुढे मरीया गरोदर राहिल्यावर दोघांना कडू पाणी पाजले जाते आणि दोघेही निर्दोष ठरतात.

येशूचा जन्म बेथलेहेमजवळच्या गुहेत होतो. त्या क्षणी काळ थांबल्याचे वर्णन योसेफाच्या तोंडी, प्रथम पुरुषात येते. आकाशात पाखरे निश्चल आहेत, जेवायला बसलेल्या मजुरांचे हात भांड्यातच राहिले आहेत, मेंढपाळाने उगारलेली काठी वरच थबकली आहे. एरवी साध्या शैलीतील या ग्रंथाचा हा सर्वांत काव्यमय भाग होय. मरीयेच्या कौमार्याविषयी शंका घेणाऱ्या सलोमेचा हात जळतो आणि बालकाला उचलून घेताच तो बरा होतो. हेरोदाच्या आज्ञेने योहानाचा पिता जखऱ्या याची मंदिरात हत्या होते, तेथे ग्रंथ संपतो.

येशूच्या भावांचा वाद

नव्या करारात येशूच्या ‘भावांचा’ उल्लेख आहे. मरीया आजन्म कुमारी होती असे मानणाऱ्यांपुढे त्यामुळे प्रश्न उभा राहतो. हे भाऊ म्हणजे योसेफाची पहिल्या पत्नीची मुले, हे या ग्रंथाचे उत्तर. पौर्वात्य चर्चने ते स्वीकारले. पश्चिमेत जेरोमने ३८३ च्या सुमारास हेल्विदियसविरुद्ध लिहिताना ते भाऊ म्हणजे नात्यातील चुलत-मावस भावंडे असल्याचे मांडले, योसेफालाही ब्रह्मचारी ठरवले आणि सुईणीची कथा सांगणाऱ्या अपोक्रिफल लेखनाची निंदा केली. सहाव्या शतकातील ‘गेलाशियसचा आदेश’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या यादीत याकोबाच्या नावावरील शुभवर्तमान त्याज्य ठरले.

त्यामुळे ग्रंथ मागे पडला, पण कथा मागे पडल्या नाहीत. त्या ‘छद्म-मत्तय’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या लॅटिन ग्रंथातून पुन्हा अवतरल्या. गव्हाणीपाशी बैल आणि गाढव या ग्रंथात उभे राहतात. त्याच्या प्रारंभी जोडलेल्या बनावट पत्रांत भाषांतराचे श्रेय जेरोमला दिले आहे, म्हणजे ज्याने या कथांचा धिक्कार केला त्याच्याच नावाने त्या मध्ययुगीन युरोपात मान्यता पावल्या. पादुआ येथील जोत्तोच्या भित्तिचित्रांत जोकिम आणि ॲना यांची कथा तपशिलाने रंगवलेली आहे.

कुराणातील साम्य

कुराणाच्या आल-इमरान या सूरेत मरियमचे जकरियाच्या देखरेखीखाली उपासनास्थानी वाढणे, तिला दैवी अन्न मिळणे आणि तिच्या पालकत्वासाठी चिठ्ठ्या टाकणे हे प्रसंग येतात. यातील एकही प्रसंग नव्या करारात नाही. मात्र तेथे मरियमच्या पित्याचे नाव इमरान आहे. हे साम्य लिखित ग्रंथातून आले की मौखिक परंपरेतून, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत.

गोवा आणि कोकण

मरीयेचा जन्मदिन ८ सप्टेंबरला पाळला जातो. नव्या करारात तिच्या जन्माची कथा नाही, या सणामागची कथा याच ग्रंथातली आहे. वांद्रे येथील माऊंट मेरी, अर्थात मोतमाऊलीची जत्रा या दिवसाला जोडून भरते. सध्याची चर्चवास्तू १९०४ मधील आहे. ईस्ट इंडियन व गोवेकर कॅथलिकांबरोबर कोळी आणि अन्य हिंदू, पारशी भाविकही तेथे येतात आणि नवसासाठी मेणाचे हात, पाय, बाळ किंवा घर वाहतात. मंगळुरूकडील कोकणी कॅथलिक हाच दिवस नव्या कणसांचा सण म्हणून साजरा करतात.

गोव्यात तिसवाडीतील तळावली येथे संत ॲनाचे, स्थानिक बोलीत सांतानचे, सतराव्या शतकाच्या अखेरीस पूर्ण झालेले भव्य चर्च आहे. संत जोकिम व संत ॲना यांचा सण २६ जुलैला येतो. त्या सुमारास येथे ‘तवशांचे फेस्त’ भरते. पावसाळ्यात कोकणात तवशी मुबलक असतात. संतती व्हावी म्हणून दांपत्ये ती संत ॲनाला वाहतात. चिमण्यांचे घरटे पाहून रडणाऱ्या ॲनेची कथा आणि हा नवस यांतील दुवा स्पष्ट आहे, कारण ॲनेविषयीची जी माहिती परंपरेत आहे तिचा उगम या ग्रंथाखेरीज अन्यत्र सापडत नाही.

नाताळात गोवा आणि वसई परिसरात उभारल्या जाणाऱ्या गोठ्यांत अनेकदा गुहेचा आकार दिसतो. लूक केवळ गव्हाणीचा उल्लेख करतो. गुहेची परंपरा दुसऱ्या शतकातील जस्टिन मार्टर यालाही ठाऊक होती, त्यामुळे ती केवळ या ग्रंथाची निर्मिती म्हणता येत नाही. वेरे येथील रेइस मागूश चर्चच्या नावातील ‘मागी राजे’ मात्र या ग्रंथातले नव्हेत. येथे मागी येतात, पण ते तीन असल्याचे किंवा राजे असल्याचे त्यात कोठेही म्हटलेले नाही.