पाण्याखालची लेकरं आणि अंबरची नहर

आम्हा गारखेड्याच्या बायांची निम्मी बोलणी पाण्याचीच. नळ कधी येणार, टाकी भरली का. म्हणून आज गोष्टही पाण्याखालचीच आणली आहे.

अमेरिकेत डेट्रॉइट नावाचं शहर आहे. तिथल्या ‘ड्रेक्सिया’ या दोन काळ्या वादकांच्या जोडीनं १९९७ साली आपल्या संगीतासोबत एक कथा छापली. आफ्रिकेतून गुलाम कोंबून नेणाऱ्या जहाजांवरून गरोदर बायांना समुद्रात फेकलं. पण पोटातली लेकरं मेली नाहीत. गर्भात जशी पाण्यात होती, तशीच ती समुद्रात जगली आणि तळाशी त्यांनी आपलं राज्य वसवलं.

कथा मनातली, पण माणसं फेकणं खरं. १७८१ साली ‘झोंग’ या इंग्रजी जहाजावरून सव्वाशेहून जास्त माणसं जिवंत बुडवली. वर मालकांनी विम्याचे पैसे मागितले, माल बुडाला म्हणून!

हे लांबचं वाटतं ना? मग आपलं शहर कुणी वसवलं ते बघा. इथिओपियातला चापू नावाचा मुलगा लहानपणीच विकला गेला. बगदादच्या मालकानं त्याला अंबर नाव दिलं. पुढे निजामशाहीचा पेशवा चंगेजखान यानं त्याला विकत घेतलं. तोही हबशी, एकेकाळचा गुलामच. चंगेजखान वारल्यावर त्याच्या विधवेनं अंबरला मोकळं केलं. त्या बाईचं नाव पुस्तकांत सहसा येत नाही, हे आम्हाला खटकतं.

तोच मलिक अंबर. मुघलांना त्यानं वर्षानुवर्षं झुंजवलं. शहाजीराजेही काही काळ त्याच्या बाजूनं लढले. १६१० साली त्यानं खडकी वसवली, आजचं आपलं छत्रपती संभाजीनगर. या कोरड्या जागी पाणी कुठून आणायचं? त्यानं उत्तरेकडच्या डोंगरपायथ्याचं पाणी जमिनीखालच्या नळांतून, नुसत्या उतारावर शहरात आणलं. मोट नाही, बैल नाही. तीच नहर-ए-अंबरी.

आपल्या समुद्रातला व्यापार अटलांटिकसारखा नव्हता. इथे गुलाम फौजेत जात, एखादा वजीरही होई. बाया मात्र घरकामाला आणि जनानखान्यात विकल्या जात. त्यांना कुठली फौज आणि कुठली वजिरी?

अंबर १६२६ साली वारला. खुलदाबादला त्याच्या कबरीजवळच त्याची बायको बीबी करीमा हिची कबर आहे. भद्रा मारुतीला जाल तेव्हा पाच मिनिटं तिकडेही वळा.