स्थगितीच्या काळातला पगार

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपल्याकडे म्हणतात. पण ज्याची नोकरी गेली, त्याने मग कोणती पायरी चढावी?

समजा, आपल्या यवतमाळ जिल्ह्यातल्या एखाद्या जिनिंग कारखान्यात एक पहारेकरी आहे. मालकाने त्याला काढून टाकले. त्याने कामगार न्यायालयात चार-पाच वर्षे खेटे घातले. शेवटी निवाडा झाला, 'ह्याला कामावर परत घ्या, मागचा पगारही द्या.' घरात पेढे आले. पंधरा दिवसांत कळले, की मालकाने नागपूरला जाऊन स्थगिती आणली. निकाल जिंकलेला माणूस पुन्हा रिकाम्या हाताने घरी बसला.

नागपूरची ही वाट जुनीच आहे. १९३६ साली तेथे उच्च न्यायालय आले. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेनंतर तेथे मुंबई उच्च न्यायालयाचे खंडपीठ बसू लागले. राज्ये बदलली, यवतमाळकराची वाट तीच राहिली.

आता स्थगिती म्हणजे काय, ते नीट पाहू. स्थगितीने निवाडा रद्द होत नाही, त्याची अंमलबजावणी तेवढी थांबते. मालकाचे म्हणणे अगदीच खोटे नसते. तो म्हणतो, 'आज मी पैसे दिले आणि उद्या अपील जिंकलो, तर ह्या गरिबाकडून ते परत कसे घेऊ?' पण दुसरी बाजूही आहे. मालकाची तिजोरी दहा वर्षे थांबू शकते, मजुराची चूल दहा दिवस थांबत नाही. ह्या दोघांचा मेळ कसा घालावा, हाच खरा प्रश्न.

कायद्याने तो हळूहळू सोडवला. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेने सांगितले, की नुसते अपील केल्याने अंमलबजावणी थांबत नाही. सबळ कारण दाखवावे लागते आणि तारणही द्यावे लागते. कामगार नुकसानभरपाईच्या १९२३ च्या कायद्यात पुढे अशी अट आली, की मालकाने आधी रक्कम भरावी, मग अपील करावे. १९३६ च्या वेतन देण्याबाबतच्या कायद्यात हीच अट १९६४ च्या दुरुस्तीने आली.

राहिला तो आपला पहारेकरी. १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यात त्याच्या चुलीची तरतूद नव्हती. संसदेने १९८२ साली दुरुस्ती केली आणि ती २१ ऑगस्ट १९८४ पासून लागू झाली. तेच कलम १७-ब. कामावर परत घेण्याच्या निवाड्याविरुद्ध मालक उच्च किंवा सर्वोच्च न्यायालयात गेला, तर प्रकरण चालेल तोवर त्याने शेवटचा पूर्ण पगार देत राहावा. कामगाराने मात्र, आपण दुसरीकडे नोकरीत नाही, असे प्रतिज्ञापत्र द्यायचे.

ह्यात एक मेख होती. 'शेवटचा पगार' म्हणजे काढून टाकले त्या दिवशीचा पगार, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९७ साली देना बँकेच्या खटल्यात ठरवले. महागाई चढत गेली, आकडा तिथेच राहिला. मात्र त्याच निकालाने दिलासाही दिला. मालक शेवटी जिंकला, तरी दिलेला हा पगार परत मागता येत नाही. २०२५ च्या नोव्हेंबरात जुन्या कायद्याची जागा औद्योगिक संबंध संहितेने घेतली, पण हे तत्त्व तिनेही ठेवले आहे.

आता शिक्षक मंडळींसाठी एक गोष्ट. हे कलम आपल्या कामाचे नव्हते. शिक्षक हा ह्या कायद्याचा 'कामगार' नव्हे, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने १९८८ साली गोव्यातल्या एका शिक्षिकेच्या प्रकरणात दिला. महाराष्ट्रातल्या खासगी शाळांतले शिक्षक १९७७ च्या कायद्याखाली शाळा न्यायाधिकरणाकडे जातात. तिथे जिंकल्यावर संस्थेने उच्च न्यायालयात स्थगिती मागितली, तर पगाराची अट घालणे न घालणे हे न्यायमूर्तींच्या हाती असते. म्हणून ती अट मागावी लागते. 'स्थगिती द्यायचीच असेल, तर थकलेली रक्कम कोर्टात भरायला लावा आणि चालू पगार सुरू ठेवा,' असे पहिल्याच तारखेला वकिलांकडून सांगवावे. मागितल्यावाचून काही मिळेल, ह्या भरवशावर राहू नये.

आपल्याला न ऐकताच स्थगिती दिली असेल, तर ती उठवण्यासाठी अर्ज करता येतो. तो दोन आठवड्यांत निकाली काढावा, असे घटनेच्या कलम २२६ मध्ये १९७८ च्या दुरुस्तीने घातले आहे. अट मोडली, तरीही स्थगिती उठवण्याची मागणी करता येते.

तेव्हा गावात कोणी स्थगितीचा कागद घेऊन आपल्याकडे आला, तर 'स्थगिती मिळाली, आता संपले' असे म्हणू नका. कागद शेवटपर्यंत वाचून दाखवा. अट आहे का, किती रक्कम, कोणत्या तारखेपर्यंत, हे त्याला समजावून सांगा. अट नसेल, तर ती मागायला सांगा. निकाल लागायचा तेव्हा लागेल; तोवर घरात दाणे असले पाहिजेत.