दस्तऐवज विलंबाने दाखल करणे

दिवाणी दाव्यात नेमून दिलेल्या टप्प्यावर न दिलेला कागद नंतर न्यायालयाच्या परवानगीने अभिलेखावर आणण्याची कार्यवाही. भारतात तिचे नियम दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मध्ये आहेत. वादीने दाव्याला आधार असलेले, आपल्या ताब्यातील कागद यादीसह वादपत्राबरोबरच द्यायचे (आदेश ७, नियम १४) आणि प्रतिवादीने आपल्या बचावाला आधार असलेले कागद कैफियतीबरोबर द्यायचे (आदेश ८, नियम १-अ). कागद दुसऱ्याकडे असेल, तर तो कोणाच्या ताब्यात आहे हे शक्य तेथे लिहायचे. मूळ प्रती मुद्दे काढण्यापूर्वी किंवा त्या वेळी हजर करायच्या (आदेश १३, नियम १). हे टप्पे चुकले, तर सुनावणीत तो कागद परवानगीशिवाय त्या पक्षकाराच्या वतीने पुराव्यात घेता येत नाही.

या बंधनामागे दोन कारणे आहेत. आपल्याविरुद्ध कोणता कागद वापरला जाणार हे समोरच्याला कैफियत देण्याआधी कळले पाहिजे. शिवाय साक्षीदारांच्या जबान्या झाल्यावर, त्यांतील उणिवा पाहून कागद तयार करण्याची वाट बंद राहिली पाहिजे.

पूर्वी योग्य कारण दाखवले की उशिराचा कागद घेण्याची सोय आदेश १३, नियम २ मध्ये होती. प्रयत्न करूनही वेळेवर न मिळालेल्या पुराव्यासाठी आदेश १८, नियम १७-अ होता. १९९९ व २००२ च्या दुरुस्ती कायद्यांनी हे दोन्ही मार्ग संहितेतून गेले. दुरुस्त्या १ जुलै २००२ पासून लागू झाल्या. दार कायमचे लागले अशी भीती तेव्हा निर्माण झाली होती. सर्वोच्च न्यायालयाने सेलम अ‍ॅडव्होकेट बार असोसिएशन प्रकरणात (२००५) ती दूर केली : नियम वगळल्याने पुरावा घेण्याचा न्यायालयाचा मूळचा अधिकार नाहीसा होत नाही.

महाराष्ट्रातील न्यायालयांत परवानगीचा अर्ज कागदांच्या यादीसह येतो, त्याला निशाणी क्रमांक पडतो आणि समोरच्या बाजूचे म्हणणे, म्हणजे वकिलांच्या बोलीतील ‘से’, मागवले जाते. ‘कागद शोधूनही सापडला नाही’ एवढ्या एका वाक्यावर पुष्कळ अर्ज उभे असतात, आणि ते फेटाळले गेले तर तक्रारीला जागा नसते. कागद कोठे होता, केव्हा कळला, मिळवण्यासाठी काय केले, हे तारखांसह सांगितले पाहिजे. जमिनीच्या दाव्यात हे सांगणे अवघड नाही. जुना सातबारा, फेरफार नोंद, मोजणी नकाशा किंवा खरेदीखत यांची नक्कल मागितल्याचा, तयार झाल्याचा आणि हातात पडल्याचा दिनांक सहसा नकलेवरच असतो. उशीर पक्षकाराचा की कचेरीचा, हे तेथेच दिसते. सरकारी दप्तरातील निर्विवाद अभिलेख केवळ उशिराच्या कारणावरून नाकारणे हा कठोर अन्याय आहे. त्यामुळे शेतकऱ्याची पिढीजात जमीन एका कागदावाचून जाऊ शकते. सुगंधी विरुद्ध पी. राजकुमार (२०२०) या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने प्रतिवादीच्या उशिराच्या अर्जाकडे उदारपणे पाहण्यास सांगितले. समोरच्या बाजूचे नुकसान भरून काढता येत असेल, तर तांत्रिक अडसर न्यायाच्या आड येऊ नये, असा त्याचा रोख आहे. भरपाई सहसा खर्चाच्या अटीने आणि उत्तराचा पुरावा देण्याच्या संधीने होते.

टप्पा जितका पुढचा, तितके स्पष्टीकरण भक्कम लागते. मुद्दे निघण्याआधी परवानगी सहज मिळते. पुरावा बंद केल्याची पुरसिस (लेखी निवेदन) दिल्यावर, किंवा युक्तिवाद सुरू असताना, साक्षीदाराला पुन्हा बोलवावे लागते आणि न्यायालय हात आखडता घेते. के. के. वेलुसामी विरुद्ध एन. पलानीसामी (२०११) या प्रकरणात अशा वेळी कलम १५१ खालील अंगभूत अधिकार वापरता येतो हे मान्य झाले. मात्र राहिलेल्या त्रुटी बुजवण्यासाठी तो वापरू नये, अशी ताकीदही तेथेच आहे.

परवानगी मिळाली म्हणजे कागद सिद्ध झाला, असा समज पक्षकारांत फार आढळतो; तो चुकीचा आहे. कागद साक्षीदारामार्फत शाबीत करावा लागतो, त्यावरील हरकती ऐकल्या जातात आणि मुद्रांक अपुरा असेल तर शुल्क व दंड भरल्यावाचून तो पुराव्यात वाचता येत नाही.

उलटतपासात साक्षीदारापुढे ठेवायच्या किंवा त्याची आठवण ताजी करण्यासाठी त्याच्या हाती द्यायच्या कागदांना पूर्वदाखलीचे बंधन नाही. पक्षकार स्वतः साक्षीला उभा असेल, तर ही सूट चालते का, यावर मुंबई उच्च न्यायालयात मतभेद होता. मोहम्मद अब्दुल वाहिद विरुद्ध नीलोफर या निर्णयाने (डिसेंबर २०२३) तो मिटला. पक्षकार आणि साक्षीदार यांत या बाबतीत फरक नाही.

वाणिज्यिक न्यायालये अधिनियम, २०१५ खालील दाव्यांत शिस्त अधिक कडक आहे. ताब्यातले सर्व कागद सुरुवातीलाच द्यावे लागतात; तातडीने दाखल केलेल्या दाव्यात ३० दिवसांची सवलत मागता येते. नंतर परवानगी हवी असेल, तर न देण्याचे वाजवी कारण सिद्ध करावे लागते. दावा दाखल करताना जे कागद वादीच्या ताब्यातच नव्हते, त्यांना मात्र ही कठोरता लागू नाही, असे सुधीर कुमार विरुद्ध विनय कुमार जी. बी. (२०२१) मध्ये स्पष्ट झाले.

अर्ज नामंजूर झाला तर त्या आदेशावर स्वतंत्र अपील नाही. संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयात दाद मागतात, किंवा हुकूमनाम्यावरील अपिलात तो मुद्दा घेतात. अपिलात नवा कागद देण्यास आदेश ४१, नियम २७ चे अरुंद दार आहे : खालच्या न्यायालयाने घ्यायला हवा असताना पुरावा नाकारला, योग्य तत्परता दाखवूनही तो तेव्हा माहीत नव्हता किंवा देता आला नाही, अथवा निकाल देण्यासाठी अपील न्यायालयालाच त्याची गरज वाटते. पुरावा स्वीकारल्याची कारणे त्या न्यायालयाला लिहावी लागतात.