भुशीच्या पायऱ्या

लोणावळ्याच्या दिवसभराच्या सहलीत आमच्या गाईडनं सकाळी कार्ल्याची लेणी दाखवली. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी तिथलं दार घडवणारा सामि सुतार, दार देणारा सिंहदत्त गंधी, खांब देणारे धेनुकाकटाचे यवन, सारे शिलालेखांतून नावानिशी भेटतात.

दुपारी भुशी धरण. "भिजा, भजी खा, पाचला गाडी सुटेल." बस्स! हे बांधलं कुणी, मी विचारलं. "रेल्वेनं." तेही खरंच. वाफेच्या इंजिनांना पाणी हवं म्हणून जीआयपी रेल्वेनं ते बांधलं. बोरघाटातली रेल्वे १८६३ साली सुरू झाली. तो घाट फोडताना पटकीनं आणि अपघातांनी हजारो मजूर मेले. पायऱ्यांवर पाणी खळाळत होतं. मी बराच वेळ शोधलं. एकाही मजुराचं नाव मला दिसलं नाही. पाच वाजले, गाडीचा हॉर्न वाजला.