हमीदा बानू

(? – १९८६). भारतीय व्यावसायिक कुस्तीगीर. १९४० आणि १९५० च्या दशकांत तिकीट लावून भरणाऱ्या दंगलींत पुरुष पैलवानांशी उघडपणे लढणारी आणि त्यांना चीत करणारी स्त्री म्हणून देशभर गाजल्या. वृत्तपत्रे त्यांना ‘अलिगढची ॲमेझॉन’ म्हणत. मुंबई, पुणे, कोल्हापूर आणि बडोदा या गावांशी त्यांच्या कारकिर्दीचा जवळचा संबंध होता. आयुष्याची अखेरची वर्षे त्यांनी कल्याणला काढली.

फेब्रुवारी १९५४ मध्ये बानूंनी एक आव्हान जाहीर केले : जो मला कुस्तीत हरवील त्याच्याशी मी लग्न करीन. त्या वेळी त्या तिशीत होत्या. आव्हान स्वीकारणारे दोन नावाजलेले पैलवान लवकरच पडले, एक पतियाळाचा आणि दुसरा कलकत्त्याचा. तिसरी कुस्ती मे महिन्यात बडोद्याला ठरली. बडोदा तेव्हा मुंबई राज्यात होते आणि कुस्तीचे जाणकार गाव होते. गायकवाडांनी तिथे पैलवान पोसले होते, आणि माणिकरावांच्या जुम्मादादा व्यायाम मंदिराचे नाव दूरवर पोचले होते. लढतीची जाहिरात ट्रक आणि इतर वाहनांवर फलक लावून गावभर फिरवली गेली. जोड होता छोटे गामा, ज्याला बडोद्याच्या महाराजांचा आश्रय होता. आयत्या वेळी त्याने बाईशी कुस्ती धरणार नाही असे सांगून माघार घेतली. मग बाबा पैलवान समोर आला.

कुस्ती १ मिनिट ३४ सेकंदांत निकाली निघाली आणि बाबा पैलवानाची पाठ मातीला लागली. तो लग्नाच्या शर्यतीतून बाद झाल्याचे पंचांनी तिथेच जाहीर केले. असोसिएटेड प्रेसने ३ मे १९५४ रोजी ही बातमी दिली आणि बानूंचे नाव परदेशी वाचकांपर्यंत गेले. त्या वेळेपर्यंत आपण ३२० कुस्त्या जिंकल्याचे त्या सांगत.

हे दीड मिनिट कुस्तीच्या हिशेबाने बघायला हवे. तुल्यबळ जोड लागली की मातीतली निकाली कुस्ती अर्धा-पाऊण तास सहज चालते. मल्ल एकमेकांचा दम जोखतात, हात-पंजा करतात, मानेवर भार टाकून समोरच्याला थकवतात. दोन मिनिटांच्या आत पाठ लागते तेव्हा बहुधा दोनपैकी एक शक्यता असते. एक तर दोघांच्या ताकदीत मोठी तफावत असते, नाही तर निकाल आधीच ठरलेला असतो. बानूंच्या सगळ्या कारकिर्दीभोवती हा दुसरा संशय घोटाळत राहिला, त्यामुळे त्याचा विचार पुढे केला आहे.

बानू मूळच्या मिर्झापूरच्या, पैलवानांच्या घरातल्या. मुलीने लांग कसून आखाड्यात उतरावे हे तिथल्या वातावरणात मानवणारे नव्हते, म्हणून त्यांना गाव सोडावे लागले. अलिगढला सलाम पैलवानाच्या हाताखाली त्या तयार झाल्या. पुढे वस्ताद आणि व्यवस्थापक या दोन्ही नात्यांनी सलामच त्यांच्या आयुष्याच्या केंद्रस्थानी राहिला.

उंची ५ फूट ३ इंच, वजन १०८ किलो. वृत्तपत्रांना त्यांच्या डावांपेक्षा खुराकाचे कौतुक जास्त होते. रोज सुमारे साडेपाच लिटर दूध, पावणेतीन लिटर सूप, पावणेदोन लिटर फळांचा रस, एक कोंबडी, जवळजवळ किलोभर मटण, बदाम, अर्धा किलो लोणी, सहा अंडी, दोन मोठे पाव आणि दोन थाळ्या बिर्याणी. नऊ तास झोप आणि सहा तास मेहनत. ज्याने तालमीत दिवस काढले आहेत त्याला यादीतले दूध, बदाम आणि मटण ओळखीचे वाटेल. फड मारणाऱ्या पैलवानाचा खुराक असाच असतो, आणि सहा तासांच्या मेहनतीशिवाय तो अंगी लागत नाही. मात्र पुरुषाच्या बाबतीत जी गोष्ट तालमीची शिस्त ठरते, ती बानूंच्या बाबतीत नवलाई म्हणून छापली गेली.

त्यांच्या तोडीची स्त्री कुस्तीगीर देशात नव्हती. एका स्तंभलेखकाने त्या काळातच लिहिले होते की, जोड न मिळाल्यामुळेच त्या पुरुषांना आव्हान देण्याकडे वळल्या असाव्यात. हे म्हणणे पटते.

१९४४ मध्ये मुंबईत त्यांची कुस्ती गुंगा पैलवानाशी लागणार होती. ‘बॉम्बे क्रॉनिकल’च्या बातमीनुसार सुमारे २०,००० लोक जमले. पण गुंगा पैलवानाने ऐन वेळी जास्त पैसे आणि तयारीला जास्त वेळ मागितला, आणि कुस्ती रद्द झाली. चिडलेल्या प्रेक्षकांनी मैदानाची मोडतोड केली. या एका प्रसंगातून त्यांच्या नावावर किती तिकिटे खपत होती ते कळते.

महाराष्ट्रातल्या कुस्तीशौकिनांचे वागणे मात्र बानूंना सोसावे लागले. पुण्यात रामचंद्र साळुंखे यांच्याशी ठरलेली त्यांची लढत तिथल्या कुस्ती संघटनेने हरकत घेतल्यामुळे रद्द झाली. कोल्हापुरात त्यांनी शोभासिंग पंजाबी याला हरवले तेव्हा लोकांनी शिवीगाळ केली आणि दगड मारले. अशा गर्दीला आवरायला पोलिसांना मध्ये पडावे लागे. ज्या कोल्हापूरने परप्रांतीय मल्लांना डोक्यावर घेतले आणि चांगल्या डावाला फेटे उडवून दाद दिली, त्याच कोल्हापूरने जिंकलेल्या पैलवानावर दगड उचलावा, हे वाचताना आजही वाईट वाटते.

यामागचे कारण तालमीच्या रीतीत सापडते. तालमीत मारुतीचे ठाणे असते, लंगोटाचा बंद पाळायचा असतो, आणि बाईची सावलीही हौद्यावर पडू नये असा दंडक कित्येक ठिकाणी होता. त्यातच बाईशी लढणाऱ्या पुरुषाला जिंकून मान नव्हता आणि हरला तर तोंड दाखवायला जागा नव्हती. छोटे गामाची माघार या हिशेबातूनच आलेली दिसते. महाराष्ट्रात हे चित्र बदलायला फार वर्षे लागली. महिलांची पहिली ‘महाराष्ट्र केसरी’ स्पर्धा मार्च २०२३ मध्ये सांगलीला झाली आणि प्रतीक्षा बागडी हिने ती जिंकली.

बानूंच्या कुस्त्यांवर बंदीही घातली गेली होती. तिची तक्रार त्यांनी थेट मुंबई राज्याचे मुख्यमंत्री मोरारजी देसाई यांच्याकडे नेली. देसाईंनी उत्तर दिले की, बंदी त्या स्त्री आहेत म्हणून घातलेली नाही. संयोजक त्यांच्यासमोर नकली प्रतिस्पर्धी उभे करतात अशा तक्रारी आल्या आहेत, म्हणून ती घातली आहे.

निकाल आधी ठरवून लढलेल्या कुस्तीला आपल्याकडे नुरा कुस्ती म्हणतात. त्या काळातल्या व्यावसायिक दंगलींत नुरा कुस्त्या होत, हे खरे. तिकिटावर पोट असलेल्या संयोजकाला रंगतदार निकाल हवा असे. बानूंचे प्रतिस्पर्धी आतून ठरवून हरतात, ही कुजबूज दिल्लीतही होती. महेश्वर दयाल यांनी दिल्लीवरच्या आपल्या पुस्तकात ती नोंदवली आहे. त्याचबरोबर बानू अगदी पुरुष पैलवानांसारख्याच लढत आणि त्यांची कुस्ती पाहायला लांबून लोक येत, हेही त्यांनी लिहिले आहे. काही लढती ठरवलेल्या असतीलही. पण नामवंत मल्लांनी माघार घ्यायची, संघटनेने लढत होऊ द्यायची नाही, आणि उरलेल्या जोडांना हरवले की त्यांना नकली म्हणायचे, अशा कोंडीत कोणत्याही पैलवानाला आपले बळ सिद्ध करता आले नसते. त्या काळचे आक्षेप वाचले की एवढे दिसते, की पुरुष मल्लांच्या नुरा कुस्त्यांनी इतका राग कधी उसळला नव्हता.

त्यांचे नाव साहित्यातही शिरले. कुर्रतुलऐन हैदर यांच्या ‘डालनवाला’ या उर्दू कथेत बानूंच्या मुंबईतल्या दंगलीचा उल्लेख येतो. घरातला नोकर ती पाहून येतो आणि या वाघिणीला कोणी हरवू शकले नाही असे सांगतो.

१९५४ मध्येच मुंबईत त्यांनी रशियाची ‘अस्वलीण’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या व्हेरा चिस्टिलिन हिला मिनिटभराच्या आत हरवले. त्यानंतर युरोपात जाऊन तिथल्या कुस्तीगिरांशी लढण्याचा मनोदय त्यांनी जाहीर केला. तो तडीस गेला नाही. वृत्तपत्रांतून त्यांचे नाव जवळजवळ नाहीसे झाले.

पुढची हकिकत त्यांच्या घरच्या माणसांनी अनेक वर्षांनी सांगितली. युरोपला जाणे सलाम पैलवानाला मान्य नव्हते. बानूंना अडवण्यासाठी त्याने काठीने मारहाण केली, त्यात त्यांचे हात मोडले. पायांनाही इजा झाली आणि कित्येक वर्षे त्या काठी टेकत चालत, असेही एका आप्ताने सांगितले. सलामशी त्यांचे लग्न झाले होते की नाही, यावर दोघांच्या कुटुंबांत एकमत नाही. दोघांचे अलिगढ, मुंबई आणि कल्याण असे जाणे-येणे असे आणि दुधाचा धंदा होता. काही काळाने सलाम अलिगढला परतला, बानू कल्याणलाच राहिल्या.

गुगलने ४ मे २०२४ रोजी आपल्या मुखपृष्ठावर बानूंचे चित्र झळकवले, तेव्हा अनेक मराठी वाचकांनी हे नाव पहिल्यांदा ऐकले. कल्याणमध्ये मात्र त्या अनेक वर्षे राहिल्या होत्या. दूध विकून आणि थोड्या खोल्यांचे भाडे घेऊन त्यांचा चरितार्थ चाले. पैसे संपले की त्या घरी केलेले खाण्याचे पदार्थ रस्त्याच्या कडेला बसून विकत. सलाम आजारी पडला तेव्हा, १९७७ च्या सुमारास, त्या त्याला भेटायला अलिगढला गेल्या होत्या. पुढे लवकरच तो वारला. बानूंचे निधन १९८६ मध्ये झाले.