चित्त पालटणारें झुडूप

ख्रिस्तपूर्व ११४ या वर्षीं रोम शहरांत व्हीनस देवीचें एक देऊळ बांधण्यांत आलें. वेस्टा देवीच्या अग्नीची राखण करणाऱ्या व्रतस्थ कुमारिकांपैकीं कांहींनीं व्रतभंग केला होता; त्या पापाचें क्षालन व्हावें आणि स्त्रियांचीं मनें वासनेकडून शुचितेकडे वळावीं, हा त्यामागील हेतु. या देवीस ‘व्हर्टिकॉर्डिया’, म्हणजे हृदय पालटणारी, असें म्हणत. मर्टल, म्हणजे आपण जिला विलायती मेंदी म्हणतों ती सुगंधी वनस्पति, व्हीनसला प्रिय.

१८२८ सालीं जिनीव्हा येथील विख्यात वनस्पतिशास्त्रज्ञ द कांदोल यानें हेंच नांव ऑस्ट्रेलियाच्या नैर्ऋत्य कोपऱ्यांतील एका झुडुपाच्या वंशास दिलें. झुडूप मर्टलच्या कुळांतलें, एवढाच काय तो धागा. आपल्या परसांतील जांभूळ व पेरू हींही याच कुळांतलीं. पण त्यांच्यावरून या दूरच्या नातलगाची कल्पना यावयाची नाहीं. झुडूप बहुधा ठेंगणें आणि पानें बारीक. पण फुलाचा बाह्यकोश पिसासारखा चिरत गेलेला, त्यामुळें बहर आला म्हणजे पिवळ्या, गुलाबी, तांबड्या पिसांचा जणूं सडा पडतो. द कांदोलनें हें दृश्य कधींच पाहिलें नाहीं.

पाहिलें तें जेम्स ड्रमंड यानें. हा स्कॉटिश मनुष्य आयर्लंडांत कॉर्क येथील वनस्पतिउद्यान सांभाळीत असे. १८२९ मध्यें स्वान नदीकांठीं इंग्रजांची वसाहत झाली, तेव्हां पहिल्या जहाजांतूनच तो बायकामुलांसह तेथें उतरला. पुढें मैलोगणती हिंडून वाळविलेल्या वनस्पतींचे संच तो यूरोपांत धाडी, आणि तिकडचे पंडित मेजाशीं बसून त्यांचें बारसें करीत. पर्थ शहराजवळच्या वाळूंत फुलणाऱ्या एका केशरी-पिवळ्या जातीस लंडनच्या लिंडलेनें १८३७ मध्यें ‘सुवर्णप्रवाह’ अशा अर्थाचें ग्रीक नांव दिलें. तें मला अधिक आवडतें; पण शास्त्रानें तें टिकूं दिलें नाहीं.

ड्रमंडच्या भटकंतींत वाट दाखविणारे मूळचे नूंगार लोक होते. ती भूमि त्यांचीच. तिच्यावर दोन्ही पक्षांचें रक्त सांडलें. ड्रमंडचा मुलगा जॉन्स्टन हाही वनस्पति गोळा करी. १८४५ मध्यें काबिंजर नांवाच्या नूंगार माणसानें त्यास ठार केलें, आणि जॉन्स्टनचा भाऊ जॉन यानें काबिंजरला मारून सूड उगविला. हृदय पालटणाऱ्या देवीचें नांव त्या वाळूवर, आणि त्याच वाळूंत हा वैराचा हिशेब! विद्यार्थ्यांकडून लॅटिन नांवें घोकून घेणाऱ्या आम्हां अध्यापकांस हें सहसा आठवत नाहीं. नूंगारांचा एक शब्द मात्र विसाव्या शतकांत शास्त्रज्ञांनीं आदरानें उचलला: ‘क्वोंगन’, म्हणजे तो उघडा, झुडुपी, वालुकामय प्रदेश.

त्या प्रदेशाचें दारिद्र्य हेंच या झुडुपाचें कवच होतें. स्फुरद तर तेथें अत्यल्पच. शिवाय तांबें व जस्त यांचाही तुटवडा, म्हणून गव्हाचा शेतकरी त्या वाळूच्या वाटेस फारसा जात नसे. उणीव कोणती तें रसायनशास्त्रानें दाखविलें, खतें मिळाली, आणि दुसऱ्या महायुद्धानंतर नांगर तेथें पोंचला. पुढें तर वर्षाला दहा लक्ष एकर जमीन लागवडीखालीं आणावयाची, हें त्या राज्याचें धोरणच झालें. वंशांत शंभरांच्या आसपास जाती. जवळजवळ सर्व त्याच कोपऱ्यांतल्या, आणि त्यांतील कित्येक आज दुर्मिळ.

दोन्ही बाजूंस क्षितिजापर्यंत गहू पसरला आहे, आणि रस्ता व कुंपण यांच्यामध्यें वाळूची जी अरुंद पट्टी नांगरावांचून राहिली, तिच्यांत कोठें कोठें तीं पिसांचीं फुलें अजून उमलतात.